सुमनमावशीला न विचारता

प्रिय एनेको,

तुला मराठी वाचता येत नव्हतं, तरी मराठीतच लिहितोय. इंग्रजीत लिहिलं असतं तर मी हमखास स्वतःची बाजू सावरून घेतली असती. काल अंधेरीत तुझी शोकसभा झाली. हार घातलेला फोटो, चार भाषणं आणि तुझी साकीनाक्याच्या कारखान्यांवरची फिल्म. सगळं नीट पार पडलं, आणि मला लाजेनं मान वर करवत नाहीये.

आधी तुझ्यावरचा राग काढू दे. आजारी होतास ते कळवलं का नाहीस? तुझ्या बहिणीच्या मेलवरून कळावं आम्हाला? आईनं त्या दिवशी तुझे आवडते बांगडे आणले होते. ते तसेच फ्रिजमध्ये राहिले.

भांडुपला आमच्याकडे राहायला आलास त्याच आठवड्यात तू तुझ्या जुन्या पंक बँडचं गाणं ऐकवलंस. बेंबीच्या देठापासून ओरडत होतास. आई ओट्यापासून म्हणाली, "ह्याका पोटात दुखता काय रे? विचार मरे."

मी भाषांतर केलं. तू खूप हसलास, मग म्हणालास, तेव्हा खरंच दुखत होतं. घरची बास्क भाषा बोलली म्हणून तुझ्या वडिलांना तिकडे शाळेत मार बसायचा, ते त्या दिवशी सांगितलंस. गाणं का सोडलंस, असं विचारलं तर म्हणालास, "गाण्यात मी एकटाच ओरडायचो. कॅमेरा असला की दुसऱ्यांना बोलता येतं."

तुझी पद्धत आम्हाला येडेपणाची वाटायची. फिल्म आधी कारखान्यांच्या गल्लीत, पडदा म्हणून चादर बांधून. ज्यांचे चेहरे तिच्यात आहेत त्यांनी पहिल्यांदा बघायचं. त्यांच्यातलं कुणी काढ म्हणालं तर काढायचं, बाकी कुणाच्या सांगण्यावरून नाही. एडिटिंग माझ्याकडे दिलंस तेव्हा एक मराठी वाक्य पाठ करून आला होतास, "विचारल्याशिवाय कापायचं नाही."

सुमनमावशी आठवते ना? प्रेस मशीनमध्ये बोटं गेलेली. कॅमेऱ्यासमोर हात धरून तिनं कारखान्याच्या शेठचं नाव घेतलं होतं. गल्लीत बघताना तिचा मुलगा म्हणाला, "काढायला सांग ना आई, कशाला लफडं?" ती म्हणाली, "राहू दे. हात माझा आहे."

शोकसभेला फुकट हॉल देणारे गृहस्थ त्या शेठचे व्याही निघाले. माणूस गोड बोलणारा. "आजच्या दिवशी कटुता नको, तेवढी बाई काढा," म्हणाले. वर चहा पाजला. मी "बरोबर आहे तुमचं" म्हटलं आणि मावशीचा सगळा भाग काढला. जोड कुठे आहे ते कुणाला कळलं नसतं. एवढी सफाई मी कधी तुझ्यासाठी दाखवली नव्हती.

मला वाटलं, ती कशाला येतेय अंधेरीला? ती आली. इस्त्रीची साडी, हातात फुलांचा पुडा, बरोबर नवी सून. सुनेनं फिल्म पाहिली नव्हती, तिला दाखवायला आणलं होतं.

संपल्यावर दाराशी मला गाठून म्हणाली, "सुहास, मी नव्हते रे त्यात."

"हो मावशी."

"एनेकोनं काढलं?"

आणि मी मान हलवली. हो म्हणून.

ती तुझ्या फोटोकडे बघत राहिली. "विचारायचं तरी," एवढंच म्हणाली. तरीही पुढे जाऊन फुलं वाहिली आणि सुनेलाही नमस्कार करायला लावला.

इतकी वर्षं तू इंग्रजीत बोलायचास आणि मी गल्लीला मराठीत सांगायचो. मी सांगेन ते तुझं, असं लोक धरून चालायचे. काल तुला बोलता येत नव्हतं तर मी तुझ्या नावावर खोटं खपवलं. तुझी लोकांतली पत मी माझी कातडी वाचवायला वापरली रे. मला माझीच शिसारी येते.

आईला सांगितलं. ती भांडी घासायची थांबली नाही. "मगे? जा नि सांग तिका."

जातो. रविवारी कारखाने बंद असतात, तेव्हा गल्लीत चादर बांधून पूर्ण फिल्म लावणार आहे. सुरू करण्याआधी, सगळ्यांचे चेहरे मला दिसत असताना सांगणार आहे की एनेकोनं नाही, मी कापलं. पण त्याच्याही आधी मावशीच्या दारात उभा राहून तिला खरं सांगेन आणि विचारेन, लावू का? ती नाही म्हणाली, तर चादर घडी करून परत येईन.

तुझ्यामागे खोटं बोललेला तुझा दुभाषी,
सुहास