दुपारचा भोंगा

बाबा, पायातल्या चपलाही काढल्या नाहीत अजून. बाळापूरहून अकोला, अकोल्याहून एसटीनं अमरावती, आणि घरात शिरल्या शिरल्या हा कागद घेऊन बसले. तुम्हाला जाऊन अठ्ठावीस वर्षं झाली, पण आज जे कळलं ते तुम्हाला सोडून आधी कुणाला सांगावं?

आत्याचं डोळ्याचं ऑपरेशन झालं म्हणून बाळापूरला गेले होते. मी दारातूनच जोरात विचारलं, "आत्या, दिसून राहिलं का आता?" ती हसली. म्हणाली, "भोंगा तो भोंगाच. जन्मली त्या दिवशी वाजला, तो अजून वाजूनच राहिला." मी म्हटलं, रडकी होते म्हणून बाबांनी ठेवलं असेल ते नाव. आत्यानं डोळ्यावरचा काळा चष्मा काढला. "रडकी? तू तं रडतच नव्हती वो! तुले माईत नाई?"

नव्हतं माहीत, बाबा. तुम्ही कापसाच्या जिनिंग कारखान्यात बॉयलरवर होता आणि दुपारचा जेवणाचा भोंगा तुमच्या हातात होता, एवढंच माहीत होतं. आईनं कधी सांगितलं नाही. आत्या म्हणते, त्या दिवसाचा विषय निघाला की आई उठून जायची.

तर आत्या तेव्हा चौदा वर्षांची. ती क्वार्टरमधून पळत जिनिंगमध्ये येते आणि सांगते, पोरगी झाली पण रडून नाही राहिली, निळी पडली. तुम्ही हातातलं फावडं टाकता आणि कोळशानं माखलेले तसेच धावता. बाराचा भोंगा द्यायचा राहून जातो. इकडे दोनशे माणसं भोंग्याची वाट बघत उपाशी काम करतायत, तिकडे सुईण मला एकदा गार पाण्यात, एकदा कोमट पाण्यात बुडवतेय, तळपायावर चापट्या मारतेय. तुम्ही दाराबाहेर उभे. आत्या म्हणते, "दादा भिताडाले डोकं लावून उभा होता." आणि मग मी रडले. अशी रडले की शेजारच्या क्वार्टरमधल्या बायका बाहेर आल्या. तुम्ही म्हणे दोन्ही हात वर करून ओरडलात, "झाला रे भोंगा! जा आता जेवाले!"

संध्याकाळी मॅनेजरसाहेबांनी जाब विचारला, तेव्हा तुम्ही म्हणालात, "भोंगा तं झाला साहेब. तुमाले ऐकू नाई आला?" हे सांगताना आत्याला इतकं हसू आलं, की ती डोळे चोळेल म्हणून मी तिचे हात धरून ठेवले. मी हसत होते की रडत होते, मला नाही सांगता येणार.

आणि मी काय केलं त्या नावाचं? आठवीत होते. डबा घरी विसरला म्हणून तुम्ही कामावरून तसेच, काळ्या कपड्यांत, शाळेत आलात आणि मैदानापलीकडून हाक मारलीत, "ए भोंग्या! डबा राह्यला न तुह्या!" पोरी हसल्या. वर्षभर मला भोंगा म्हणत राहिल्या. त्या संध्याकाळी तुम्ही हात धूत होता, तेव्हा मी मागून म्हटलं, "मले त्या नावानं हाक नका मारत जाऊ." तुम्ही साबण खाली ठेवलात आणि म्हणालात, "बरं." काहून, असंही विचारलं नाहीत. दुसऱ्या दिवसापासून शाळेतलं नाव. शेवटपर्यंत तेच.

मी आत्याला विचारलं, तेव्हाच का नाही सांगितलं त्यांनी? ती म्हणाली, "मी म्हटलं होतं त्याले, सांग पोरीले. तं म्हने, सांगतलं तं तिले वाईट वाटन." आणि मग सहज, अगदी सहज म्हणाली, "पण माह्याकडे आला का त्याचं तेच. भोंगा पास झाला. भोंग्याची चिठ्ठी आली. भोंग्याले अमरावतीत नोकरी लागली, आता तिथं वाजन."

म्हणजे थांबलं नव्हतं, बाबा! मला वाटत होतं, मी ते नाव मोडून टाकलं. आणि इतकी वर्षं बाळापूरच्या त्या ओट्यावर ते चालूच होतं, चहाबरोबर. एसटीत मी खिडकीशी बसून मोठ्यानं म्हणून पाहिलं. शेजारच्या बाईनं विचारलं, "काय झालं वो ताई?" मी म्हटलं, "काही नाई, माहं नाव हाये."

हा कागद काही पोस्टात टाकायचा नाही, म्हणून एक सांगून टाकते. तुम्ही शाळेतल्या नावानं हाक मारलीत, त्या पहिल्याच सकाळी मला चुकल्याचुकल्यासारखं झालं. नंतर कितीतरी दिवस मी मुद्दाम उशिरा ओ द्यायचे. वाटायचं, चिडून तरी तुम्ही जुन्या नावावर याल. तुम्ही चिडलाच नाहीत. आणि 'म्हणा न बाबा, भोंग्या', एवढं काही माझ्याच्यानं म्हणवलं नाही.