चहा ठेवा, आलोच

समात्या, इस्तंबूल
३ नोव्हेंबर

चि. वेदातला ताईचे आशीर्वाद.

आगीत शिरताना निरोप घेतला तर आग माणसाला ठेवून घेते, असं बाबा म्हणाले होते. तू तेव्हा लहान होतास. म्हणून आपल्या बंबखान्यातले लोक ‘चहा ठेवा, आलोच’ एवढंच म्हणून आत जातात. रिफ्कीदादाही तेच म्हणाला, कुणीतरी ते मोबाइलवर टिपलं, आणि तो आलाच नाही. आता सारा देश हसतोय. पळालेला नवरा, न आलेली बस, फोनवर फिरणाऱ्या अशा प्रत्येक विनोदाखाली दादाचा चेहरा आणि ते वाक्य. काल मासळीवाला सुटे पैसे आणायला निघाला, तोही मला तेच ऐकवून गेला. मी कोण, हे त्याला ठाऊक नव्हतं.

खालच्या मजल्यावरच्या मुलींच्या फोनवर दादाचा आवाज आला की आई उठते आणि शेगडीवर दुमजली किटली चढवते. तो गेला, असं मी सांगितलं, इमामांनीही सांगितलं. ती ऐकत नाही. बंबवाल्याच्या मरणाची बातमी त्याच्यामागे पाइप धरणाऱ्यानेच घरी द्यायची, ही रीत. बाबांच्या वेळी नुरीकाका दारात आले, तेव्हाच ती रडली. दादाच्या मागे तू होतास. ये.

तुझी वाट पाहणारी,
मुझेय्येन

सिनोप
१२ नोव्हेंबर

ती. ताईच्या हातांना ओठ टेकवून.

ते वाक्य ऐकवेना म्हणून मी फोन समुद्रात फेकला. आई काय विचारेल ते तुलाही माहीत आहे: तो आत राहिला आणि तू कसा आलास? बंबखान्याच्या प्रमुखांनी मला मानगूट धरून बाहेर ओढलं, हे तिला पटेल? करू दे तिला चहा. चहाने कुणी मरत नाही.

उरली असेल तेवढी माया राहू दे.
वेदात

समात्या
२१ नोव्हेंबर

चि. वेदात,

परवा किटली चढवताना आईची बाही पेटली, ती फार भाजली. आपलाच बंब आला. मुली जिन्यात उभ्या राहून चित्रण करत होत्या. एकीने ते वाक्य म्हटलं, बाकीच्या हसल्या. स्ट्रेचरवरून आईने त्यांना बजावलं, आत्ता हसा, पण तो आल्यावर त्याच्यासमोर हसू नका.

डॉक्टरांनी आशा सोडली आहे. झोपेचं इंजेक्शन ती घेऊ देत नाही; रिफ्की आला तर दिसायला हवा म्हणते. तुला भीती वाटते तो प्रश्न ती विचारेल, नक्की विचारेल. मी तुला खोटं सांगणार नाही.

तुझा लोभ नसला तरी चालेल, पण शुक्रवारच्या बसने ये आणि तिला सांग. तू नाहीच म्हणशील. तरी मागते.

मुझेय्येन