दोनदा फिरलेलं रीळ

३ नोव्हेंबर
पोचले एकदाची! सिनेमा करायला एका कलासंस्थेने दिलेली तीन महिन्यांसाठी स्वतःची खोली, मोठी खिडकी, फिल्म धुवायला ऐसपैस न्हाणीघर. एवढा विश्वास माझ्यावर आजवर कुठल्याच संस्थेने टाकला नव्हता. तेरा लघुपट केले, प्रेक्षक बोटांवर मोजण्याइतके. त्यातली एक ताई, आणि तीही बघताना पेंगते. निघताना म्हणाली, पुरे झालं आता, माझ्याकडे राहायला ये, आपल्याला एकमेकींशिवाय उरलंय कोण? म्हटलं, हा एवढा सिनेमा होऊ दे, मग येतेच.

सिनेमा साधा आहे. रोज सकाळी कॅमेरा सुरू करून समोरच्या खुर्चीत बसायचं. दहा सेकंद. बस्स.

१८ नोव्हेंबर
गाढवपणा केला. भरलेल्या रिळाच्या डबीवर चिठ्ठी लावायची राहिली आणि दुसऱ्या आठवड्यात तेच रीळ पुन्हा कॅमेऱ्यात चढवलं. धुतल्यावर कळलं. चित्रावर चित्र, खुर्चीत मी दोनदा, एकीच्या अंगात दुसरी. स्वतःला मनसोक्त शिव्या घातल्या, मग प्रोजेक्टरने भिंतीवर पाडून पाहिलं तर चूक देखणी निघाली. तशीच ठेवणार आहे.

खरं सांगायचं तर इमारतीची देखभाल करणाऱ्या बाईंशिवाय पंधरा दिवसांत कुणाशी बोललेले नाही. दुसरी मी दिसली तेव्हा जरा सोबत झाल्यासारखं वाटलं.

१९ नोव्हेंबर
रीळ पुन्हा लावलं. दोघींपैकी एक मान वळवून दाराकडे बघते. काल हे नव्हतं. मी तर मान वळवलीच नव्हती. जागरणाने डोळे फसवत असतील.

२१ नोव्हेंबर
चित्रातली ती उठली. केस मागे सारले, बाहेर पडताना मी सारते तसेच. कडीला हात लावून हसली. इतकं मोकळं मी कधी हसले होते, आठवत नाही. मला भीती वाटतेय, आणि तिचा हेवाही.

२२ नोव्हेंबर
आता खुर्चीत एकटी मीच. चित्रातलं दार सताड उघडं.

देखभालवाल्या बाई भेटल्या. माझ्याकडे न बघता पुढे गेल्या. हाक मारली तर दचकल्या. म्हणाल्या, तुम्ही तर काल बॅग घेऊन गेलात, जाताना मला मिठीसुद्धा मारलीत.

बॅग नाही. कपाट रिकामं.

२३ नोव्हेंबर
ताईचा फोन लागत नाही. बाईंना तीन हाका मारल्या — वळल्या नाहीत. हातभर अंतरावर उभ्या होत्या.

२४ नोव्हेंबर
ताईने फोन उचलला. आवाज किती खुशीत. म्हटलं, ताई, मी बोलतेय. ती म्हणाली, माझी बहीण कालच आलीय घरी, इथे माझ्याजवळ बसलीय. मागे कुणीतरी हसलं — माझं हसू.

मी रडले. तुझ्याजवळ बसलीय ती मी नाही म्हटलं, लहानपणीचं सगळं सांगत सुटले. ताई म्हणाली, तुम्ही कोण आहात मला ठाऊक नाही, पुन्हा फोन करू नका.

तुम्ही. ताई मला तुम्ही म्हणाली.

निघते. चालत जावं लागलं तरी — ताईसमोर जाऊन उभी राहिले की ती —

कडी धरता येत नाही. हात आरपार — पुन्हा — पेनही आता नीट धर