शॉट तोडू नकोस

ताई, परवा डोंबिवलीत एका वाचनालयाच्या हॉलमध्ये मोहने गावच्या बंद कारखान्यावरची आपली फिल्म दाखवली. खुर्च्या कमी पडल्या, म्हणून बरेच जण सतरंजीवर बसले, आणि मला ते आवडलं. तुमचा कॅमेरा नेहमी तेवढ्याच उंचीवर असायचा. समोरचं माणूस जमिनीवर बसलं असेल तर आपणही बसायचं, वरून बघायचं नाही. लाइट तुम्ही कधी लावले नाहीत. खिडकीतून येईल तेवढा उजेड, त्यात अर्धा चेहरा काळोखात गेला तरी तुमची हरकत नसायची. इतकी वर्षं माहितीपट शूट केलेत, पण तुम्ही झूम केलेला मला आठवत नाही.

तुमच्या हाताखाली कॅमेरा शिकत होते तेव्हा मी केला होता. कल्याणच्या खाडीवर एक बाई बोलता बोलता रडायला लागल्या आणि मी लांबूनच त्यांचे डोळे फ्रेमभर आणले. वर्तकनगरला तुमच्या घरी आल्यावर, स्वयंपाकघरात माझ्यासमोर चहा ठेवून म्हणालात, "जवळ जायचं असेल तर उठून जा. बसल्या जागेवरून ओढून घेऊ नकोस माणसाला." चहा निवला तरी मला तो पिववेना. मग तुम्हीच तो परत गरम केलात आणि सोबत थालीपीठ लावलंत.

मोहन्याच्या फिल्मचं काम आलं तोवर तुमचे हात थरथरायला लागलेले. डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं होतं, हे वाढत जाणार. बंद पडलेल्या कारखान्यातल्या एका म्हाताऱ्या कामगाराच्या घरी आपण गेलो, तेव्हा दारातच तुम्ही कॅमेरा माझ्या हातात दिलात आणि माझ्या मागे येऊन बसलात. खांद्यावर तुमचा हात. तो कापत होता, तरी त्याचं म्हणणं मला कळत होतं. आजोबा मशीनबद्दल बोलले, कपड्यांना येणाऱ्या वासाबद्दल बोलले, भोंगा बंद झाला त्या दिवसाबद्दल बोलले. मग थांबले. दिग्दर्शकाने त्यांचे आभार मानले, मी बटणाकडे बोट नेलं, आणि तुमचा हात खांद्यावर दाबला गेला. "शॉट तोडू नकोस," तुम्ही कानाशी म्हणालात.

कॅमेरा चालूच आहे. आजोबा गुडघा चोळताहेत. मग कॅमेऱ्यासमोर यायला सकाळपासून नाही म्हणणाऱ्या आजी पदराला हात पुसत बाहेर येतात आणि आपल्याकडे न बघता नवऱ्याला म्हणतात, "सगळं कारखान्याचंच सांगितलंत. त्यानंतर साड्यांना फॉल-बिडिंग करून घर मी चालवलं, ते कोण सांगणार?"

आजोबा चटईवर जरा सरकले. "तूच सांग," म्हणाले. खिडकीतला उजेड संपेपर्यंत आजी बोलत होत्या. दुसऱ्या दिवशी दिग्दर्शकाने ठरलेलं सगळं बाजूला ठेवलं आणि आपण त्याच वस्तीत घरोघरी बायकांना भेटत फिरलो. फिल्मचा अर्धा भाग त्यांचा झाला.

परवा आजी बाहेर आल्या तेव्हा सतरंजीवरची एक बाई शेजारणीला म्हणाली, "बरं झालं बाई, बोलली." तुम्ही हे ऐकायला हवं होतं.

आजी बोलल्या त्या संध्याकाळी मोहन्याहून रिक्षाने परतताना तुम्ही म्हणालात, "चॅनलची नोकरी आली आहे ना तुला? जा. माझे हात चालत नाहीत म्हणून थांबू नकोस." नंतर मी नोकरीला नाही म्हटल्याचं तुम्हाला कळलं, तेव्हा तुम्ही फक्त मान हलवलीत. पुढे तुमची औषधं आणताना, तुमच्या शर्टाची बटणं लावताना मला जाणवायचं, की तुम्हाला माझे उपकार झाल्यासारखं वाटतंय. हा विषय तुम्ही परत काढला नाहीत, मीही नाही.

हे पत्र कुठे टाकणार? तुम्ही गेलात, आता वर्तकनगरची तुमची बिल्डिंगसुद्धा पाडली, तिथे टॉवर उभा राहतोय. तरी लिहून ठेवते. मला तुमची दया आली नव्हती, ताई. त्या खोलीत मी माझ्या मनाने बटण दाबलं असतं तर आजी फिल्ममधून निसटल्या असत्या, एवढंच डोक्यात घोळत होतं. असं आणखी काय काय दिसेल, याची हाव सुटली होती मला. मी स्वतःसाठी थांबले.