मेलेली ओढली, जिती वाचव

पार्सिपनी, ऑक्टोबर १९९७

बाबा, जय भीम.

अंगोलातलं युद्ध थांबलंय, पण आता तिथली गुरं फुफ्फुसाच्या रोगाच्या साथीनं मरताहेत. कंपनीनं मला विचारलं, "तू व्हेटर्नरी डॉक्टर आहेस, तीन महिने जाशील?" तिथल्या कुरणांत अजून सुरुंग आहेत. माझी पार टरकली, पण तसं कबूल करवेना. म्हणून मीटिंगमध्ये तुम्हाला पुढे केलं. म्हणालो, माझ्या वडिलांनी मेलेली गुरं ओढायचं नाकारलं, त्यापायी गावाचा मार खाल्ला. आमच्या घरात मेल्या जनावराला कुणी हात लावत नाही.

बॉस ओशाळला. त्यानं चक्क माझी माफी मागितली. आता माझ्याऐवजी माझी सहकारी सूझन जातेय. काल माझ्या टेबलाशी येऊन म्हणाली, "युवर फादर इज अ ब्रेव्ह मॅन." मी थँक यू म्हणालो.

तुम्हाला फोनवर एवढंच सांगितलं की ट्रिप कॅन्सल झाली. हे पत्र पोस्टात टाकायची हिंमत माझ्यात नाही. कॉलेजला सोडायला आलात तेव्हा तुम्ही म्हणाला होतात, "पिढ्यानपिढ्या मेलेली ओढली आपण, आता जिती वाचव तू."

तेवढं मात्र मी मीटिंगमध्ये सांगितलं नाही.

तुमचा म्हणवणारा,
बुद्धभूषण