यादीतलं नाव

ख्राइस्टचर्च, ५ ऑक्टोबर १८९३

चि. ग्रिझेल हिस आयसोबेलचे अनेक आशीर्वाद.

बायकांच्या मताचा कायदा होऊन पंधरा दिवस झाले, सबंध न्यूझीलंडभर गाजावाजा चाललाय, आणि तुझ्या पत्रात काय, तर मेंढीचा खोकला! अगं, नुसता कायदा होऊन मत देता येत नाही. मतदारयादीत नाव लागतं. सोबतच्या कागदावर सही कर, एका मतदाराची साक्ष घे आणि टपालात टाक. तुझ्या घरातच नवरा नावाचा एक मतदार रोज तुझ्या हातचं जेवतो, मग अडलंय कुठं? मी दारोदार हिंडून त्रेपन्न जणींचे कागद भरून घेतले. पाय सुजलेत. त्यात सख्खी बहीण नसली तर चर्चमध्ये तोंड कसं दाखवू?

औषध वेळेवर घे. चिडले असले तरी माया तीच.

तुझी आयसोबेल

हुरुनुई, २३ ऑक्टोबर

ती. आयसोबेलताईस सा. न. वि. वि.

तुझा कागद आला त्याच दिवशी लोकर कापणारे अठरा जण येऊन धडकले. ह्यू म्हणाला, कापणी उरकली की बघू. मी म्हटलं, तोवर यादी बंद होईल. तर म्हणे, तुम्ही बायका मतं देऊन आमचे दारूचे गुत्ते बंद करणार, वर साक्षही मीच देऊ? दहा दिवस ऐकून घेतलं. परवा सकाळी दहाचा चहा शेडवर पाठवलाच नाही. कापणाऱ्यांचा शिरस्ता तुला ठाऊक आहे, चहा नाही तर कात्री खाली. अर्ध्या तासानं ह्यू धावत आला आणि चुलीपाशी उभ्याउभ्याच सही केली. वर म्हणाला, ही सगळी तुझ्या बहिणीची शिकवण. मी म्हटलं, तिचीच! कागद रवाना झालाय.

तू मागे लागली नसतीस तर माझ्या हातून हे झालं नसतं. पण पत्रात एवढं ओरडू नकोस, टपालवाला आता तुझं पाकीट लांबूनच देतो.

तुझ्या लोभातली,
ग्रिझेल

ख्राइस्टचर्च, २९ नोव्हेंबर

चि. ग्रिझेल हिस आशीर्वाद.

दुसऱ्या कुणाकडून कळण्याआधी मीच लिहिते. काल मी मत दिलं नाही. नवी टोपी घालून केंद्रावर सगळ्यांच्या आधी जाऊन उभी राहिले. कारकुनानं यादी दोनदा चाळली. माझं नाव नव्हतं.

त्रेपन्न कागद भरले गं, माझा भरलाच नाही! बायकांना मत द्या म्हणून संसदेकडे गेलेल्या अर्जावर मी जूनमध्ये सही केली होती, तेव्हा आपलं नाव सरकारात पोचलंच, अशी माझी पक्की समजूत. अर्ज वेगळा, यादी वेगळी, हे त्या पोरसवदा कारकुनानं मला समजावलं, अगदी मी इतरांना समजावते तसं. इतका संताप आला स्वतःचा!

बाहेर पायरीशी उभी राहिले. माझ्या त्रेपन्नांतल्या बायका एकेक करून येत होत्या. जी ती विचारायची, तुमचं झालं ना? मी हो म्हणत राहिले.

तुझं मत देऊन झालं ना? कसं वाटलं ते सविस्तर लिही. आत गेल्यावर नेमकं काय करतात, हे मला आता इथं कुणालाच विचारता येत नाही.

लोभ असतोच तुझा, या वेळी थोडा जास्त लागेल.

आयसोबेल