‘येडा’ म्हणतील म्हणून

प्रिय दादा,

तुले जाऊन दीड वर्ष झालं. आज लिहून राहिलो, कारण काल वहिनीनं तुझी ट्रंक उघडली आणि शर्टाच्या घडीतून दवाखान्याची चिठ्ठी निघाली. तू डॉक्टरकडे गेला होता! मले कावून नाही सांगितलं?

वहिनीले विचारलं तर ती रडाले लागली. तूच तिले शपथ घातली होती म्हणे.

आपल्यासंगं काम करणारा गणपत कारखान्याच्या चिमणीच्या परांचीवरून तुझ्या डोळ्यांदेखत पडून मेला, तेव्हापासून तू बदलला. शिडीपाशी गेला की तुझे हातपाय कापत. ताट पुढे तसंच राहे. भंडाऱ्याहून आपण एकाच गाडीनं इथं कारखान्याच्या कामाले आलो, एकाच खोलीत राहिलो, आणि मी तुले म्हटलं काय? "मर्द माणूस होय ना तू? गावाकडे काय तोंड दाखवशीन?" त्यानंतर तू मले त्यातलं काहीच सांगितलं नाही. किती मूर्ख होतो मी!

पावर हाउस बाजारातल्या त्या डॉक्टरनं आधी गाव विचारलं, मग जात. वहिनी सांगत होती, नाडी पाहाले हातसुद्धा लावला नाही. "तगड़ा आदमी है, काम से जी चुराता है," एवढंच बोलला. चिठ्ठीवर लिहून दिलं, कामासाठी ठीक.

बाहेर येऊन तू वहिनीले म्हणाला, "आपल्या लोकांले इथं लय मुश्किलीनं काम भेटलं. येडा म्हटलं तर तेही जाईन. नामदेवले सांगू नको."

नागपूरले डोक्याच्या आजाराचा मोठा दवाखाना आहे, हे आपल्याले माहीत होतं. पण त्याचं नाव आपण फक्त चिडवाले घेत होतो!

दुसऱ्याच आठवड्यात, भर दुपारी, तू स्वतःचा जीव दिला. मी बाबाले लिहिलं, तापानं गेला. लाज वाटली मले. तुझी लाज वाटली, दादा!

आता माझं ऐक. तू गेल्यापासून मलेही झोप नाही. कामावर मधेच छाती दाटते, डोळ्यांपुढे अंधारी येते, अन् मी नळाखाली तोंड धुतो, कोणाले दिसू नये म्हणून. आज सकाळी वहिनीपाशी पहिल्यांदा बोललो. ती म्हणाली, "भाऊजी, या वेळी मी चूप नाही बसणार."

उद्याच्या पॅसेंजरनं आम्ही दोघं नागपूरच्या त्याच दवाखान्यात चाललो. भीती वाटते रे! पण डॉक्टरनं विचारलं की सगळं सांगीन, तुझंही. एकानं हाकललं तर दुसऱ्याच्या दारात जाईन. हे तुले वचन.

तुझा धाकटा,
नामदेव